पाण्याच्या दिवसापासून सुरुवात: सोलापुरात गल्लीची संघटना कशी बांधायची

सोलापुरात गल्लीतल्या सगळ्या घरांचे दरवाजे एकाच वेळी उघडे दिसतात ते पाण्याच्या दिवशी. उजनीचं पाणी शंभर किलोमीटरवरून येतं, टाकळीहून भीमेचं येतं, हिप्परग्याच्या तलावातून येतं, आणि तरीही नळाला पाणी काही दिवसांआडच. त्या दिवशी विडी वळणारी अक्का सूप बाजूला सारते, रात्रपाळी करून आलेला यंत्रमाग कामगार झोप मोडून मोटर लावतो, शाळकरी पोरं पाइप धरून उभी असतात. एरवी महिनाभर ज्या घराशी बोलणं नाही, तिथंही "तुमच्याकडं फोर्स आहे का?" एवढं तरी विचारलं जातंच.

मी पूर्व भागात राहते आणि गेली बरीच वर्षं आमच्या व आसपासच्या गल्ल्यांत संघटना बांधायचं काम करते आहे. नव्यानं काम सुरू करणारी मुलं-मुली येतात आणि पहिला प्रश्न विचारतात, "ताई, सभा कधी घेऊ?" मी सांगते, सभा आत्ता नको. लोक ज्या वेळी आपणहून बाहेर असतात त्या वेळी तिथं जाऊन उभे राहा, आणि हातात एक वही ठेवा. गल्ली बांधायला एवढ्या दोनच गोष्टी लागतात असं माझं ठाम मत झालं आहे. ठरलेली वेळ आणि लिहिलेली वही.

हद्द चावीवरून ठरवा

प्रभाग फार मोठा पडतो, पेठ त्याहून गुंतागुंतीची. एका चावीवरून, म्हणजे पाणी सोडणारा चावीवाला एका व्हॉल्व्हनं जेवढ्या घरांना पाणी देतो, तेवढी घरं एकत्र धरा. त्यांचा त्रास एकाच वेळचा आणि एकाच जातीचा असतो. साधारण ४० ते ६० घरं झाली तर उत्तम. दीडशे घरांची वस्ती असेल तर तिचे तीन भाग करून तीन वह्या घाला. मोठ्या गटात दोन-चार माणसं बोलतात आणि बाकीची ऐकून घरी जातात.

दोनशे पानी वही घ्या. पहिल्या दोन पानांवर नकाशा काढा. हातानं काढलेला वाकडातिकडा चालेल, पण त्यात प्रत्येक घर हवं, ड्रेनेजचं प्रत्येक चेंबर हवं, विजेचा प्रत्येक खांब त्याच्या नंबरासकट हवा. बंद घरं, भाडेकरूंची घरं, गल्लीतली बोअर, कचरा टाकला जातो तो कोपरा, गाडी वळत नाही ती जागा, हे सगळं दाखवा. भाडेकरूंना नकाशातून वगळायची चूक फार जण करतात. अक्कलकोट रोडच्या कारखान्यांत कामाला येणारी कुटुंबं वर्षानुवर्षं भाड्यानं राहतात, पाणीही तेच भरतात, तुंबलेल्या चेंबरचा वासही त्यांनाच येतो.

पुढच्या पानांवर घरनिहाय नोंद करा. गल्लीत ज्या नावानं ओळखतात ते नाव, घरात किती माणसं, अंथरुणाला खिळलेलं कोणी आहे का, गरोदर बाई आहे का, घरात कोणती भाषा बोलतात. जात, पक्ष, आधार नंबर, कमाई यातलं काही लिहू नका. एकदा का कोणाच्या मनात आलं की ही यादी निवडणुकीसाठी चालली आहे, तर ते दार पुन्हा उघडायला वर्ष जातं.

घरोघर जाताना

नेहमी दोघांनी जा. त्यात एक बाई असावी आणि दोघांपैकी एकाला त्या घराची भाषा यावी. आमच्याकडं तेलुगू, कन्नड, दखनी आणि मराठी एकाच गल्लीत नांदतात. मराठी सगळ्यांनाच समजते, पण तक्रार माणूस आपल्या भाषेत जास्त मोकळेपणानं सांगतो. पद्मशाली घरातल्या म्हाताऱ्या अव्वाला तेलुगूत "बागुन्नारा?" असं विचारलं की ती आधी बसायला चटई टाकते.

वेळ जपा. विडी कामगार बायका सकाळी तयार माल द्यायला कारखान्यात जातात, तेव्हा घरात कुणी भेटत नाही. दुपारी त्या परत वळायला बसतात. हात कामात असतात, कान मोकळे असतात, दोन-तीन शेजारणीही तिथंच असतात. बोलायला यापेक्षा चांगली वेळ नाही. मात्र उभ्यानं बोलू नका. खाली बसा, आणि त्यांचा हात थांबेल असा कागद पुढं करू नका, कारण मजुरी हजार विड्यांवर मोजली जाते आणि तुमच्या अर्ध्या तासाची किंमत त्यांच्या खिशातून जाते. मागावरच्या पुरुषांना पाळी बदलताना गाठा. शुक्रवारी दुपारी मुस्लिम घरांत जाऊ नका.

विचारायचं तीनच गोष्टींबद्दल. गल्लीत सगळ्यात जास्त त्रास कशाचा? यापूर्वी त्यासाठी कुणी काय केलं होतं? आणि तुम्हाला स्वतःला काय येतं? तिसरा प्रश्न ऐकून माणसं चमकतात, कारण त्यांना तो कुणी विचारलेलाच नसतो. आमच्या गल्लीत एक आजोबा आहेत, बंद पडलेल्या एका मिलमध्ये जॉबर, म्हणजे कामगारांवरचे मुकादम, होते. त्यांच्याकडं कुणी लक्ष देत नसे. युनियनच्या दिवसांत त्यांनी शेकडो निवेदनं लिहिली होती हे या तिसऱ्या प्रश्नामुळं कळलं. आमचा पहिला नीट अर्ज त्यांनीच सांगितला आणि बारावीतल्या एका मुलीनं लिहून काढला. कुणाला प्लंबिंग येतं, कुणाची रिक्षा आहे, कुणी मोबाइलवर फोटो चांगले काढतं, कुणाची बहीण नर्स आहे. हे सगळं वहीत लिहा.

या फेरीत कुठलंही वचन देऊ नका. "बघू, करू" सुद्धा नको. "लिहून घेतलं आहे, सगळ्यांचं ऐकून पुढच्या पाण्याच्या दिवशी वाचून दाखवतो" एवढंच सांगा, आणि खरोखर वाचून दाखवा.

पहिलं एकत्र बसणं

पाणी गेल्यावर वीस मिनिटं, कट्ट्यावर. जागा अशी हवी की गल्लीतल्या कोणालाही तिथं यायला संकोच वाटणार नाही. देवळाचं पटांगण कितीही मोठं असलं आणि दर्ग्याचा ओटा कितीही थंड असला, तरी सुरुवात तिथं नको. कुणा पुढाऱ्याच्या कार्यालयात तर अजिबात नको. समाजमंदिर सगळ्यांच्या वापरातलं असेल तरच घ्या. उन्हाळ्यात चाळीस अंशांच्या वर पारा जातो, तेव्हा दिवसा बोलावून उपयोग नाही, रात्री जेवणानंतर बसा.

बायका मागं उभ्या राहतात आणि पुरुष खुर्च्यांवर बसतात असं चित्र दिसलं तर खुर्च्याच आणू नका. सतरंजी अंथरा. वहीतल्या तक्रारी एकेक करून वाचा, दुसऱ्या भाषेत कुणीतरी लगेच सांगा, आणि मग एकच ठरवा: पहिलं काम कोणतं.

इथं मी स्वतः मोठी चूक केली आहे. आम्ही पहिलं काम घेतलं काँक्रीट रस्त्याचं. सगळ्यांना हवा होता, टाळ्या पडल्या. पण रस्त्याला अंदाजपत्रक लागतं, निधी लागतो, निविदा लागते, आणि त्याआधी ड्रेनेजची लाइन बदलावी लागते. नऊ महिने आम्ही हेलपाटे घातले. कट्ट्यावर येणारी माणसं चाळिसावरून सहावर आली. मग त्याच वहीतलं एक बारकं काम उचललं, फुटलेलं चेंबरचं झाकण आणि तीन बंद दिवे. तीन आठवड्यांत झालं. दिवे लागले त्या रात्री गल्लीतल्या बायका जेवणानंतर बाहेर येऊन बसल्या, तसं त्या वर्षभर बसल्या नव्हत्या.

तेव्हापासून आम्ही पहिलं काम निवडताना बघतो की ते महिन्याभरात होण्यासारखं आहे का, झालेलं डोळ्यांना दिसेल का, निम्म्याहून जास्त घरांना उपयोगी पडेल का, आणि गल्लीतल्या कुणाचं त्यानं नुकसान तर होत नाही ना. अतिक्रमण काढणं हे पहिलं काम कधीच असू नये. तुम्ही बरोबर असलात तरी गल्ली दुभंगते.

अर्ज असा द्या की तो हरवणार नाही

आपल्याकडं तक्रारी तोंडी फार होतात. चावीवाल्याला सांगितलं, झाडूवालीला सांगितलं, मुकादमाला सांगितलं, नगरसेवकाला लग्नात भेटल्यावर सांगितलं. ही माणसं मदत करतात, त्यांचा मान ठेवा, पण तोंडी सांगितलेल्याचा पुरावा राहत नाही.

एका अर्जात एकच विषय घ्या. पाणी, दिवे आणि कचरा एकाच कागदावर लिहिलं की तो कागद तीन खात्यांत फिरतो आणि कुणाच्याच टेबलावर थांबत नाही. मजकूर साधा ठेवा. आम्ही वापरतो तो नमुना असा:

"विषय: खांब क्रमांक अमुक, अमुक व अमुक वरील पथदिवे बंद असल्याबाबत. महोदय, वरील तीन दिवे अमुक तारखेपासून बंद आहेत. या गल्लीत ५२ घरे आहेत. रात्रपाळीचे कामगार व शिकवणीहून येणाऱ्या मुली याच रस्त्याने येतात. दिवे अमुक तारखेपर्यंत सुरू करून आम्हास लेखी कळवावे, ही विनंती. सोबत: फोटो ३, नकाशा १, सह्यांची यादी."

राग, टोमणे, "जाणूनबुजून दुर्लक्ष" असले शब्द काढून टाका. वाचणारा कर्मचारी त्या शब्दांवर अडतो आणि काम राहून जातं. तारीख, नंबर आणि फोटो बोलू द्या. सही तेलुगू, कन्नड, उर्दू कशातही चालते, अंगठाही चालतो. घरातल्या पुरुषाचीच सही हवी असं नाही. उलट बायकांच्या सह्या जास्त असल्या की पाठपुराव्यालाही बायका येतात.

अर्जाच्या दोन प्रती न्या. महापालिकेच्या झोन कार्यालयात एक द्यायची, दुसरीवर पोच घ्यायची: शिक्का, तारीख आणि बारनिशीतला, म्हणजे आलेल्या कागदांच्या नोंदवहीतला, आवक क्रमांक. हा क्रमांक वहीत लाल शाईनं लिहा. "ठेवून जा, बघतो" म्हणाले तर नम्रपणे तिथंच थांबा. अर्ज द्यायला तीन ते पाच जण जा, पन्नास नको. मोर्चा हे शेवटचं हत्यार आहे, ते पहिल्याच दिवशी वापरलं की पुढं काही उरत नाही.

सात दिवसांनी दोघांनी जाऊन कनिष्ठ अभियंत्याला भेटायचं, पंधरा दिवसांनी आवक क्रमांकाचा संदर्भ देऊन स्मरणपत्र द्यायचं. दर वेळी जोडी बदला. एकच माणूस गेला की कार्यालयात तोच गल्लीचा मालक ठरतो, आणि तो आजारी पडला की काम थांबतं.

तरीही हललं नाही तर दोन वाटा आहेत. एक म्हणजे लोकशाही दिन. तो महिन्याच्या पहिल्या सोमवारी होतो, महानगरपालिकेतही आणि जिल्हाधिकारी कार्यालयातही. अर्ज १५ दिवस आधी द्यावा लागतो, आणि आधी खालच्या कार्यालयात प्रयत्न केल्याचे कागद जोडावे लागतात. पोच जपायची ती यासाठीच. दुसरी वाट माहितीच्या अधिकाराची. २००५ च्या या कायद्याखाली १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून अर्ज करता येतो, दारिद्र्यरेषेखालच्या व्यक्तीला फी नाही. महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि १५० शब्दांची मर्यादा आहे. उत्तर ३० दिवसांत यायला हवं, नाही आलं तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील करता येतं. "दिवे का लावत नाही?" असं विचारू नका, ती माहिती नाही, तो वाद आहे. "आवक क्रमांक अमुक वर झालेल्या कार्यवाहीच्या टिपणीची प्रत द्यावी" असं मागा. आमच्या अनुभवात हा अर्ज गेल्यावर उत्तर यायच्या आधीच बरेचदा काम होतं.

काम झालं की त्याच कार्यालयात आभाराचं पत्र द्या, ज्या वायरमननं दिवे लावले त्याच्या नावानं. तो माणूस उन्हात शिडीवर चढलेला असतो आणि त्याला कुणी कागदावर धन्यवाद दिलेले नसतात.

पैसा

गल्ल्या फुटतात त्या बहुतेक पैशावरून, आणि तेही फार थोड्या पैशावरून. घरटी महिना २० रुपये धरले तर ५० घरांचे १००० होतात. झेरॉक्स, स्टॅम्प, ब्लीचिंग पावडर, एखादं झाकण, एवढ्याला ते पुरतात. छापील पावती पुस्तक हवंच. पैसे एकाकडं, हिशेबाची वही दुसऱ्याकडं, आणि ही दोघं एका घरातली नसावीत. जमा-खर्च दर महिन्याला कट्ट्याजवळच्या फळ्यावर खडूनं लिहा.

एका वर्षी माझ्या आजारपणामुळं फळ्यावरचा हिशेब दोन महिने लांबला. एक पैही इकडची तिकडं झाली नव्हती. कुणी आरोप केला नाही, कुणी विचारलंही नाही. पण पुढच्या महिन्यात निम्म्याच घरांनी वर्गणी दिली. ती पूर्ववत व्हायला दिवाळी उजाडली. त्यानंतर ठरवलं की फळा लिहिणारी माणसं दोन असतील, आणि माझं नाव त्यात नसेल.

सणाची वर्गणी आणि गल्लीची वर्गणी एकत्र करू नका. उत्सवासाठी लोकांकडून पैसे गोळा करायचे तर महाराष्ट्र सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियम १९५० च्या कलम ४१ क प्रमाणे धर्मादाय कार्यालयाची परवानगी लागते. मंडळाच्या मुलांना हे आधीच सांगा, नंतर धावपळ होते.

बायकांचा बचत गट मात्र लवकर सुरू करा. १० ते २० जणी, ठरलेल्या दिवशी बैठक, नियमित बचत, आपसात कर्ज, वेळेवर परतफेड आणि चोख नोंदी ही त्याची पंचसूत्री. वेगळ्या नोंदणीची गरज नाही, ठराव करून गटाच्या नावानं बँकेत खातं उघडता येतं. दवाखान्याला दोन हजार हवे असताना खासगी सावकाराच्या दारात जावं न लागणं, याचा आधार किती मोठा असतो हे विडी कामगार बाईला विचारा.

मंडळं, सण आणि पुढारी

गल्लीत आधीपासून गणेश मंडळ असतं, जयंती उत्सव समिती असते, मोहरमचे पंजे बसवणारी मंडळी असतात, नारळी पौर्णिमेला मार्कंडेयाच्या रथोत्सवात राबणारी पोरं असतात. त्यांना बाजूला ठेवून नवी समिती काढली तर ती विरोधक ठरतील, आणि त्यांच्याइतकी माणसं रात्री दोनला तुम्हाला कुणी आणून देणार नाही. त्यांच्याकडं जा आणि एक ठरावीक काम मागा.

संक्रांतीच्या गड्ड्याच्या यात्रेत सिद्धेश्वरांचे सात नंदीध्वज निघतात, त्यांचे मानकरी वेगवेगळ्या समाजांचे आहेत. ती लांबच लांब काठी कमरेवर तोलून पेलायची तर आधीपासून सराव करावा लागतो, आणि शेजारी दोर धरणाऱ्यांनाही आपली जागा ठाऊक असावी लागते. गल्लीत मी तसंच बघते. "सगळ्यांनी मदत करा" म्हटलं की कुणीच येत नाही. "चेंबर उघडायचं तेव्हा रस्ता अडवायचं काम तुमच्या मंडळाचं" म्हटलं की दहा जण उभे राहतात.

पुढाऱ्यांबाबत एक नियम लेखी ठेवा आणि वहीच्या आतल्या कव्हरवर चिकटवा. सगळ्यांचं स्वागत, कुणाचाही फलक नाही. संघटनेचं पद असलेल्या माणसानं निवडणुकीत प्रचार करायचा असेल तर आधी पद सोडायचं. निवडणुकीच्या दोन महिन्यांत नवीन काम हाती घ्यायचं नाही.

अफवेची वेळ सगळ्यात कठीण. कुठल्याशा चौकात काही झालं असा मेसेज येतो आणि गल्ली दोन बाजूंना सरकते. अशा रात्रीसाठी आधीच चार माणसं ठरवा, दोन्ही बाजूंची, एकमेकांचे नंबर असलेली, त्यात किमान दोन बायका. मेसेज खरा आहे का हे त्यांनी एकमेकांना आणि पोलीस ठाण्याला फोन करून विचारायचं, आणि मग कट्ट्यावर एकत्र बसायचं, सगळ्यांना दिसेल असं. १९३० च्या मे महिन्यात इंग्रजांनी या शहरावर लष्करी कायदा लादला, आणि १२ जानेवारी १९३१ ला मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, कुर्बान हुसेन आणि जगन्नाथ शिंदे हे चौघं एकत्र फासावर गेले. चार हुतात्म्यांच्या पुतळ्यांसमोरून आपण रोज जातो. आमच्या चौघांच्या यादीला पोरांनी आपणहून "चार जणांचा फोन" असं नाव दिलं आहे.

नोंदणी केव्हा करायची

घाई नको. पहिलं वर्ष वहीवरच काढा. जागा, मोठी देणगी किंवा सरकारी योजना येते तेव्हा नोंदणी लागते. किमान ७ सभासद असले की १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली अर्ज करता येतो, आणि आपल्या राज्यात अशा संस्थेची १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त कायद्याखालीही नोंदणी होते. दोन्ही कामं धर्मादाय कार्यालयात. पण त्यानंतर दरवर्षी हिशेब तपासणी आली, कार्यकारिणी बदलली की ९० दिवसांत बदल अर्ज आला. हे सांभाळणारं माणूस असेल तरच नोंदणी करा. नाहीतर प्रमाणपत्र भिंतीवर टांगलेलं राहतं आणि संस्था कागदोपत्री अडकते.

घरांसाठी एकत्र येत असाल तर मार्ग सहकारी गृहनिर्माण संस्थेचा. त्यासाठी दूर जायला नको, सोलापूरजवळच्या कुंभारीला जा. विडी कामगार बायकांनी युनियनच्या आधारानं संस्था काढली, आपला हिस्सा स्वतः भरला, वर्षानुवर्षं मोर्चे आणि निवेदनं चालू ठेवली, आणि २००६ मध्ये कम्युनिस्ट नेत्या गोदूताई परुळेकर यांच्या नावाच्या वसाहतीतली १०,००० घरं उभी राहिली. पुढं त्याच भागात असंघटित कामगारांसाठी रे नगरचा ३०,००० घरांचा प्रकल्प आला, त्यातली पहिली १५,००० घरं जानेवारी २०२४ मध्ये देण्यात आली. तिथल्या एखाद्या जुन्या सभासद बाईशी तासभर बोला. मोर्च्याच्या गोष्टी त्या आनंदानं सांगतील, पण तुम्ही विचारा की हप्त्याची पावती कशी जपली, सभासद यादीवरून भांडण झालं तेव्हा काय केलं, मधल्या वर्षांत काहीच घडत नव्हतं तेव्हा बायकांना कसं धरून ठेवलं.

वही दुसऱ्याच्या हातात

दर सहा महिन्यांनी वही सांभाळणारं माणूस बदला. जुन्यानं नव्याबरोबर एक पाण्याचा दिवस, एक झोन कार्यालयाची फेरी आणि एक महिन्याचा हिशेब असं तिन्ही एकत्र करायचं, मग वही द्यायची. पहिल्या खेपेला मला ते जड गेलं. नवीन मुलगी तारखा चुकवेल, अक्षर नीट काढणार नाही, असं वाटत राहिलं. तिनं खरंच एक स्मरणपत्र चुकवलं. पण तिनं वहीत एक नवीन रकाना आखला जो मला कधी सुचला नव्हता: पाणी किती वाजता आलं, किती वाजता गेलं. चार महिन्यांच्या नोंदी घेऊन ती पाणीपुरवठ्याच्या अभियंत्यासमोर बसली, आणि आमच्या चावीची वेळ पहाटे तीनवरून सकाळी सहावर आली.